हाय-रेसचे आकडे, जुने मास्टर आणि मुंबईतला पंखा

गाण्याच्या नावाखाली 'हाय-रेस लॉसलेस' (म्हणजे सीडीपेक्षा बारीक मोजलेला आणि काहीही न गमावता साठवलेला आवाज) अशी पाटी दिसली म्हणजे तेच कानात पोचतंय असं नाही. ती पाटी सर्व्हरवरच्या फाइलची असते. तिथून पुढे फोनची सिस्टिम, ब्लूटूथ, डॅक (डिजिटल आकड्यांचा आवाज करणारी चिप), इअरफोन आणि खोलीतला गोंगाट अशी रांग लागते. रांगेतल्या एकाने जरी माती खाल्ली, तरी २४ बिट (एकेक नमुना किती बारीक मोजला) आणि १९२ किलोहर्ट्झ (सेकंदाला किती हजार नमुने घेतले, म्हणजे सॅम्पल रेट) हे आकडे शोभेपुरतेच उरतात.

प्रोग्रेसिव्ह पॉप ऐकणाऱ्यांना हे जास्त भोवतं. गाणी वरवर सोपी असतात, चाल लगेच ओठांवर येते, पण खाली थरांवर थर रचलेले असतात. टेनसीसी या बँडचं १९७५ मधलं 'आय एम नॉट इन लव्ह' घ्या. तिघांनी एकेक सूर सोळा-सोळा वेळा गाऊन टेपवर घेतला, असे तेरा सूर घेतले. हिशेब ६२४ आवाजांचा होतो. मग त्या टेपांची वेटोळी सतत फिरत ठेवली आणि मिक्सिंग डेस्कचे फेडर वर-खाली करून ते आवाज एखाद्या वाद्यासारखे वाजवले. आवाज फार दाबणाऱ्या कोडेकमधून (आवाज दाबून पाठवायच्या पद्धतीतून) हा थर ऐकला तर त्याचा नुसता धुरळा होतो, आवाजांतला फरक कळत नाही. अशा ठिकाणी लॉसलेसला खरंच अर्थ आहे. लॉसलेसच्या वर हाय-रेस हवंच का, हा वेगळा प्रश्न, आणि त्याचं उत्तर बहुतेक वेळा आकड्यात सापडत नाही.

आधी ब्लूटूथचा निकाल लावू. सीडीचा दर्जा म्हणजे १६ बिट, ४४.१ किलोहर्ट्झ, सेकंदाला १४११ किलोबिट. एसबीसी कोडेक ३२८ च्या आसपास थांबतो, आयफोनचा एएसी २५६ च्या आसपास, आणि सोनीचा एलडॅक कमाल ९९० वर. म्हणजे हाय-रेस राहू द्या, सीडीसुद्धा यातून जशीच्या तशी जात नाही. त्यात दादर स्टेशनच्या पुलावर सगळ्यांच्याच खिशात ब्लूटूथचाच २.४ गिगाहर्ट्झचा पट्टा चालू असतो. एलडॅक ९९० वर अडकवून ठेवला तर आवाज तुटत राहतो, 'बेस्ट एफर्ट' ठेवला तर तो निमूटपणे ३३० पर्यंत उतरतो. ॲप्टएक्स लॉसलेस सीडीच्या दर्जापर्यंत पोचतो, पण फोन आणि हेडफोन दोघांकडेही तो असावा लागतो आणि आयफोनमध्ये तो नाही. लोकलमध्ये ब्लूटूथवर खुशाल ऐका, फक्त तिथे हाय-रेस स्ट्रीम करून डेटा जाळू नका.

डेटाचा हिशेब असा. २४ बिट, ९६ किलोहर्ट्झचा स्टिरिओ आवाज न दाबता मिनिटाला साडेचौतीस एमबी घेतो. ४५ मिनिटांचा अल्बम झाला दीड जीबीच्या वर. फ्लॅक किंवा एएलएसी या लॉसलेस प्रकारांमध्ये दाबून तो साधारण ९०० एमबी ते एक जीबीवर येतो. तोच अल्बम १९२ किलोहर्ट्झला पावणेदोन जीबीच्या पुढेमागे, आणि सीडीच्या दर्जात तीनशे एमबीच्या आत. रोजच्या दोन जीबीच्या पॅकवर १९२ चा एक अल्बम ऐकला की संध्याकाळपर्यंत रील बघायलाही काही उरत नाही. म्हणून ॲपमध्ये मोबाइल डेटासाठी वेगळा दर्जा ठेवा, वायफायसाठी वेगळा आणि डाउनलोडसाठी वेगळा. ॲपल म्युझिकमध्ये या तिन्ही सोयी 'ऑडिओ क्वालिटी'त आहेत. डाउनलोड हाय-रेसला ठेवा, मोबाइल डेटा साध्या 'हाय क्वालिटी'ला, आणि घरच्या वायफायवर अल्बम आधीच उतरवून घ्या. स्पॉटिफायने सप्टेंबर २०२५ मध्ये लॉसलेस आणलं, पण ते २४ बिट, ४४.१ किलोहर्ट्झपर्यंतच जातं. त्यावर नाराज व्हायचं कारण नाही, ते का ते पुढे येईलच.

आता वायर. ॲपलचं साधं हेडफोन ॲडॅप्टर म्हणजे आत एक छोटा डॅकच आहे. तो २४ बिट, ४८ किलोहर्ट्झपर्यंत जातो आणि किमतीच्या मानाने फारच स्वच्छ वाजतो. ९६ किंवा १९२ तसंच्या तसं हवं असेल तर वेगळा यूएसबी डोंगल (फोनला लावायचा छोटा डॅक) लागतो. एक सूचना: ॲपलचं ॲडॅप्टर अँड्रॉइड फोनला लावलं की आवाज बऱ्याचदा निम्म्यावर येतो, कारण त्याच्या आतला व्हॉल्यूम फोन पूर्ण वर नेत नाही. लोक ॲडॅप्टर खराब समजून परत करतात. अँड्रॉइडवाल्याने दुसऱ्या कोणाचा तरी डोंगल घेतलेला बरा.

डोंगलवर रंग बदलणारा दिवा असेल तर तो कामाचा, नुसती सजावट समजू नका. ४४.१ ची फाइल लावून दिवा ४८ चा रंग दाखवत असेल, तर फोन मधल्या मध्ये सॅम्पल रेट बदलतोय. अँड्रॉइडचा मिक्सर सगळ्या ॲप्सचा आवाज एकत्र करून बहुधा ४८ ला नेतो. अँड्रॉइड १४ पासून यूएसबीवर बिट-परफेक्ट, म्हणजे एकही आकडा न बदलता, पाठवायची सोय सिस्टिममध्ये आली, पण ॲपने ती वापरली तरच उपयोग. यूएसबी ऑडिओ प्लेअर प्रो हे ॲप स्वतःचा ड्रायव्हर वापरून मिक्सरला वळसा घालतं. विंडोजवर फूबार२००० या प्लेअरमध्ये 'वासापी एक्सक्लुझिव्ह' निवडा. एरवी विंडोज साउंड सेटिंगमध्ये जो दर ठरलाय त्यालाच सगळं वळवतं. मॅकवर 'ऑडिओ मिडी सेटअप'मध्ये जाऊन दर तपासा, अल्बम बदलला की तो आपोआप बदलेलच असं धरू नका. अर्थात ४४.१ चं ४८ नीट केलेलं असेल तर ते कानाला कळणं जवळपास अशक्य आहे. दिवा बघून रात्रीची झोप घालवण्यात हशील नाही.

याहून मोठी गफलत दुसऱ्याच एका बटणात आहे. ॲपल म्युझिकमध्ये 'डॉल्बी ॲटमॉस' (चहूबाजूंनी ऐकू यावं असं केलेलं मिक्स) 'ऑटोमॅटिक'वर असेल आणि अल्बमचं ॲटमॉस मिक्स उपलब्ध असेल, तर ज्यावर ॲटमॉस चालतं अशा हेडफोनवर तुम्हाला तेच ऐकू येतं. ते मिक्सच वेगळं असतं, कधीकधी दुसऱ्याच माणसाने, मूळ अल्बमनंतर तीस-चाळीस वर्षांनी केलेलं. शिवाय ते लॉसलेस नाही, ७६८ किलोबिटचं दाबलेलं आहे. स्टिरिओ मूळ मिक्स हवं असेल तर ॲटमॉस 'ऑफ' करा, 'ऑटोमॅटिक'वर भरवसा नको. इक्वलायझर आणि साउंड चेकही (सगळी गाणी सारख्या मोठ्या आवाजात आणणारी सोय) बंद ठेवा.

साउंड चेकबद्दल थोडं अधिक, कारण या प्रकारच्या संगीतात त्याने जास्त नुकसान होतं. प्रत्येक गाणं स्वतंत्रपणे सारख्या पातळीवर आणलं, तर अल्बममधलं जाणूनबुजून हळू ठेवलेलं गाणं वर येतं आणि पुढचा स्फोट फुसका होतो. केट बुशच्या 'हाउंड्स ऑफ लव्ह' (१९८५) या अल्बमची दुसरी बाजू ही 'द नाइन्थ वेव्ह' नावाची सात गाण्यांची एकच सलग मालिका आहे. सातही गाणी एका पातळीवर आणली तर मालिकेचा चढउतारच गेला. इतर प्लेअरमधली तशीच सोय, रिप्लेगेन, वापरत असाल तर 'ट्रॅक'ऐवजी 'अल्बम' मोड ठेवा. क्रॉसफेड (एक गाणं दुसऱ्यात विरवणं) शून्यावर. जोडलेल्या गाण्यांत मध्येच क्षणभर शांतता येत असेल, तर ती बहुधा जुन्या एमपीथ्री फाइलची देणगी आहे: तो एन्कोडर सुरुवातीला आणि शेवटी थोडी रिकामी जागा भरतो. फ्लॅकमध्ये ही भानगड मुळातच नसते. तरीही खंड पडला तर प्लेअरची गॅपलेस सोय बघा, आणि शफल बंद आहे ना तेही.

इथवर सगळं जमलं की खरा मुद्दा येतो, तो मास्टरचा, म्हणजे छपाईसाठी तयार केलेल्या शेवटच्या प्रतीचा. एकाच अल्बमची १९८० च्या दशकातली सीडी, २००० नंतरचा रिमास्टर आणि आत्ताची हाय-रेस फाइल ही तीन वेगळी मास्टर असू शकतात. मधल्या काळात आवाज मोठा करण्याची शर्यत लागली होती. लिमिटर या यंत्राने आवाजाची शिखरं छाटायची आणि बाकी सगळं वर ढकलायचं. अशा मास्टरची २४ बिट, ९६ किलोहर्ट्झची फाइल म्हणजे छाटलेली शिखरं फार अचूकपणे साठवलेली. फूबारमध्ये डायनॅमिक रेंज (हळू आणि मोठ्या आवाजातलं अंतर) मोजायचं कंपोनंट मिळतं, ते प्रत्येक गाण्याला एक आकडा देतं. जुन्या ॲनालॉग पॉपच्या चांगल्या सीडीला तो बाराच्या पुढेमागे येतो, जोरदार दाबलेल्या रिमास्टरला सहा-सातवर उतरतो. सहाची हाय-रेस आणि बाराची साधी सीडी यांत सीडी घ्या, डोळे मिटून. विनाइलवरून मोजलेल्या आकड्यांना मात्र भुलू नका, तिथे मापक यंत्रच फुगवून सांगतं.

दाबलेल्या मास्टरचा आणखी एक त्रास. दोन सॅम्पलच्या मधलं शिखर शून्य डेसिबलच्या वर जातं आणि डॅक ते पुन्हा रचताना कापतो, झांजा खरखरतात. उपाय सोपा: प्लेअरमध्येच आवाज तीन डेसिबल खाली आणा आणि डोंगलचा वाढवा. २४ बिटच्या रस्त्यात एवढी घट काहीच नाही.

फाइलमध्ये कोणतं जास्तीचं सत्य असू शकतं हे रेकॉर्डिंग कशावर झालं यावर ठरतं. सत्तरच्या दशकातली चोवीस ट्रॅकची टेप वीस किलोहर्ट्झच्या वरही थोडंफार टिपते, पण तिची स्वतःची सुरसुर इतकी असते की साठ-सत्तर डेसिबलच्या पलीकडे काही उरत नाही. सुरसुर कमी करणारं डॉल्बी ए लावलं तर आणखी दहा. सोळा बिटमध्ये शहाण्णव डेसिबल मावतात, म्हणजे टेप आरामात बसते. सुरुवातीचं डिजिटल तर आणखी सोपं: ३एम कंपनीचं यंत्र ५० किलोहर्ट्झ आणि १६ बिटवर चालायचं. त्यावर झालेल्या अल्बमची १९२ ची फाइल विकत घेणं म्हणजे रिकाम्या खोलीचं भाडं भरणं. फेअरलाइट या सॅम्पलरची (आवाज साठवून कीबोर्डवर वाजवणाऱ्या यंत्राची) पहिली दोन मॉडेल्स तर आठ बिटची होती, आणि ऐंशीच्या दशकातला अर्धा प्रोग्रेसिव्ह पॉप त्यावर उभा आहे. आठ बिटचा तो खरबरीत आवाज २४ बिटच्या फाइलमध्ये वाजतो आणि तरीही सुंदर लागतो, कारण त्याभोवतीचा माणसाचा गळा आणि रिव्हर्ब (आवाजाची घुमत विरणारी शेपटी) टेपवर नीट आलेले आहेत.

कुठून सुरुवात करायची असं कोणी विचारलं तर स्टीव्हन विल्सनचा 'टू द बोन' (२०१७) सोयीचा आहे. हा अल्बम करताना त्याने आपल्या लहानपणच्या महत्त्वाकांक्षी पॉपचा वारसा उघड सांगितला होता: 'हाउंड्स ऑफ लव्ह', पीटर गॅब्रिएलचा 'सो' (१९८६), टॉक टॉकचा 'द कलर ऑफ स्प्रिंग' (१९८६), टिअर्स फॉर फिअर्सचा 'द सीड्स ऑफ लव्ह' (१९८९). नवा आधी ऐका, मग हे चार. एकच घराणं टेपवर कसं वाजतं आणि आजच्या डिजिटलवर कसं, हे एका रविवारात कळतं.

फाइल खरी हाय-रेस आहे का हे बघायला स्पेक किंवा ऑडॅसिटी हे सॉफ्टवेअर पुरे. ऑडॅसिटीत ट्रॅकच्या नावावर क्लिक करून स्पेक्ट्रोग्राम (कोणत्या उंचीचा सूर कधी वाजला त्याचं चित्र) निवडा आणि वरची मर्यादा ४८ किलोहर्ट्झला न्या. बरोबर २२ किलोहर्ट्झला सुरीने कापल्यासारखी आडवी रेघ आणि वर काळोख असेल, तर सीडीची फाइल फुगवून ९६ केली आहे. रेघ १६ ला असेल तर मूळ १२८ किलोबिटचा एमपीथ्री समजा. हळूहळू विरत जाणारा वरचा भाग मात्र टेपचा स्वभाव आहे, त्याला खोटं म्हणू नका. कधी १५.६ किलोहर्ट्झला एक बारीक सरळ रेघ अख्ख्या गाण्यात दिसते. ती स्टुडिओतल्या जुन्या टीव्ही मॉनिटरची शिट्टी आहे. बिटची फसवणूक ओळखायला आकारमान बघा: १६ बिटला शून्यं जोडून २४ केलं असेल तर फ्लॅक ती शून्यं ओळखून टाकून देतो, त्यामुळे '२४ बिट'ची फाइल १६ बिटवालीएवढीच भरते.

आता ऐकू येतं का? २००७ मध्ये मेयर आणि मोरान यांनी ऑडिओ इंजिनिअरिंग सोसायटीच्या नियतकालिकात प्रयोग छापला. हाय-रेस आवाजाच्या रस्त्यात मध्येच १६ बिट, ४४.१ चा अडसर घालायचा आणि ओळखायला सांगायचं. ५५४ पैकी २७६ उत्तरं बरोबर आली, म्हणजे नाणं उडवल्यासारखंच. २०१६ मध्ये जोशुआ राइस यांनी अनेक प्रयोग एकत्र करून हिशेब मांडला, त्यात ५२.३ टक्के आले. फरक आहे, पण केसभर. घरी करून बघायचं तर दुकानातल्या दोन आवृत्त्या एकमेकींशी लावू नका, मास्टर वेगळं निघेल. एकच २४/९६ ची फाइल घ्या, स्वतः डिदर (बिट कमी करताना मिसळायचा अगदी बारीक गोंगाट) लावून १६/४४.१ करा आणि फूबारच्या एबीएक्समध्ये (कोणती फाइल वाजतेय ते न सांगता ओळखायला लावणाऱ्या चाचणीत) दोन्ही घाला. सोळापैकी बारा बरोबर आल्याशिवाय 'मला कळतं' म्हणू नये. रिव्हर्ब विरतानाचा तुकडा निवडा, झांजांचा नको.

मुंबईत हा प्रयोग करताना खोलीचाही विचार हवा. निवासी भागात रात्रीची कायद्याची मर्यादा ४५ डेसिबल आहे, दिवसाची ५५. प्रत्यक्षात काय असतं ते खिडकी उघडून बघा. पंखा तीनवर, खाली रिक्षा, म्हणजे ४५ धरू. स्पीकरवर शिखर ९५ ला गेलं तरी हातात पन्नास डेसिबल राहिले. सोळा बिटचे शहाण्णवसुद्धा निम्मे वाया. फोमच्या टिपा लावलेले कानात बसणारे इअरफोन वीस-पंचवीस डेसिबल बाहेरचं अडवतात. त्या टिपांना काहीशे रुपये पडतात आणि त्या आठ जास्तीच्या बिटांपेक्षा कितीतरी जास्त ऐकवतात. पंख्याचा रेग्युलेटर गोल फिरणारा, टप्पे नसलेला असेल तर तो बदलून टप्प्यांचा बसवा. पहिल्या प्रकारातला ट्रायॅक (वीज तोडून-तोडून देणारा भाग) पंख्यालाही घूं करायला लावतो आणि जवळच्या ॲम्प्लिफायरमध्येही भुणभुण सोडतो.

स्पीकरवाल्यांसाठी: दहा बाय बाराची, साडेनऊ फूट उंच खोली ४७, ५७ आणि ६० हर्ट्झला घुमते. ५७ आणि ६० जवळजवळ असल्यामुळे बास गिटारचे ए ते बी दरम्यानचे खालचे सूर फुगतात आणि बाकीचे दबतात. गादी-पडदे इथे काही करत नाहीत, ते वरचा आवाज पितात. बसायची जागा भिंतीपासून दोनतीन फूट पुढे आणा, आणि तेवढ्याने भागलं नाही तर त्या भागात इक्वलायझरने चार-पाच डेसिबल काढा. बिट-परफेक्टचं सोवळं इथे सोडलेलं बरं.

लॅपटॉपचा चार्जर काढल्यावर घुरघुर थांबत असेल तर ग्राउंड लूप आहे, म्हणजे अर्थिंगच्या दोन वाटांतून वीज फिरतेय. लॅपटॉप आणि ॲम्प्लिफायर एकाच बोर्डावर घ्या. जुन्या इमारतीत तिसऱ्या पिनला अर्थ आहे का ते इलेक्ट्रिशियनकडून तपासून घ्या, आणि पिन कापायचा उद्योग करू नका. पावसाळ्यात साडेतीन मिमीचा जॅक खरखरायला लागला तर ते दमट, खारट हवेचं काम असतं. लॅमिंग्टन रोडवर आयसोप्रोपाइल अल्कोहोल मिळतं, कापसावर घेऊन जॅक पुसा, फोनच्या सॉकेटमध्ये ओतू नका. हेडफोनच्या रेक्झिनच्या गाद्या सोलपटतातच. सिलिका जेलसोबत डब्यात ठेवल्या तर थोड्या उशिरा.

राहता राहिली जुनी सीडी. काळा घोड्याचं ऱ्हिदम हाउस हे संगीताचं दुकान २०१६ मध्ये बंद झालं, तरी चोर बाजारात आणि जुना माल विकणाऱ्यांकडे ऐंशीच्या दशकातल्या आवृत्त्या अजून निघतात. वर म्हटलेलं बाराचं मास्टर बहुधा त्यांच्यावरच असतं. सीडी रिप करायला, म्हणजे तिच्यावरून फाइल काढायला, विंडोजवर एक्झॅक्ट ऑडिओ कॉपी किंवा मॅकवर एक्सएलडी वापरा, सिक्युअर मोड आणि ॲक्युरेटरिप चालू ठेवा. म्हणजे तुमची फाइल इतरांनी काढलेल्या प्रतींशी जुळते का ते कळतं. फ्लॅकची दाबायची पातळी पाच ठेवा किंवा आठ, फरक फक्त आकारमानात, तोही थोडाच. रिप केल्यावर सगळंच पातळ आणि टोचणारं वाटलं तर इअरफोन बदलण्याआधी प्री-एम्फसिस तपासा. सुरुवातीच्या काही सीड्यांवर, विशेषतः जपानी छपाईच्या, वरचे सूर मुद्दाम चढवून साठवलेत. सीडी प्लेअर ते खूण वाचून परत उतरवतो, रिप केलेली फाइल तसं करत नाही. ही खूण कधी डिस्कच्या अनुक्रमणिकेत असते, कधी फक्त सबकोडमध्ये (गाण्याबरोबर लपून असलेल्या खुणांत), म्हणून सॉफ्टवेअर 'नाही' म्हणालं तरी प्लेअरवर तीच डिस्क लावून तुलना करा. सॉक्स या सॉफ्टवेअरमध्ये डी-एम्फसिसचा, म्हणजे ते चढवलेले सूर उतरवायचा, इफेक्ट आहे. तो २४ बिटमध्ये चालवून निकाल २४ बिटमध्येच साठवा, आणि मूळ रिप पुसू नका.